सही केली तर काय जाते?

श्रावण सरत आला की सोलापूरच्या वर्तमानपत्रांत आतल्या पानावर एक छोटीशी बातमी हमखास येते. ‘गणेशोत्सवाच्या पार्श्वभूमीवर शहरात अमुक इतक्या जणांवर प्रतिबंधक कारवाई.’ निवडणूक जाहीर झाली की तीच बातमी पुन्हा, एखाद्या मोठ्या मिरवणुकीच्या आधी पुन्हा. वाचणारा सुखावतो. बंदोबस्त चोख आहे, असे मनाशी म्हणून पान उलटतो. त्या आकड्यातला एकेक माणूस कोण, त्याने केले तरी काय, हा प्रश्न कोणी विचारत नाही. विचारला तर उत्तर मोठे चमत्कारिक आहे. त्याने काहीच केलेले नसते. तो काहीतरी करील, असे कोणाला तरी वाटलेले असते.

मी भवानी पेठेत राहतो आणि सोलापूरच्या न्यायालयात वकिली करतो. घोंगडे वस्ती, मड्डी वस्ती हा आमचा परिसर. मागांचा खडखडाट, दाराशी सूप मांडीवर घेऊन विड्या वळणाऱ्या बाया, एकाच गल्लीत तेलुगू, मराठी, कानडी आणि दखनी बोलणारी माणसे. नारळी पौर्णिमेला मार्कंडेय महामुनींचा रथ निघाला की सगळे पूर्व सोलापूर रस्त्यावर येते. अशा दाट वस्तीत भांडणेही दाटच असतात. नळावरची, गटारावरची, सामाईक भिंतीवरची, मंडळाच्या वर्गणीवरची. आणि भांडण म्हटले की पाठोपाठ येतो तो ‘चॅप्टर’.

हा शब्द पेठेत लहान पोरालाही ठाऊक आहे. ‘त्याच्यावर चॅप्टर लागला’ म्हणतात. इंग्रजी अमदानीतल्या फौजदारी प्रक्रिया संहितेच्या आठव्या प्रकरणात, म्हणजे ‘चॅप्टर’ आठमध्ये, शांतता राखण्यासाठी जामीन घेण्याची कलमे होती. त्यावरून ही ‘चॅप्टर केस’. १९७३ च्या संहितेतही प्रकरणाचा आकडा आठच राहिला आणि त्यातले १०७ वे कलम सर्वांच्या तोंडी बसले. १ जुलै २०२४ पासून भारतीय नागरिक सुरक्षा संहिता लागू झाली. तिच्यात हे प्रकरण नववे झाले आणि १०७ चे १२६ झाले. पेठेत मात्र चॅप्टर तो चॅप्टरच.

काही वर्षांपूर्वीची, जुनी संहिता लागू असतानाची एक हकिकत सांगतो. टॉवेलच्या कारखान्यात माग चालवणारा एक कामगार माझ्याकडे नोटीस घेऊन आला. शेजाऱ्याशी सांडपाण्यावरून त्याची बोलाचाली झाली होती आणि वर्षभरापूर्वी तिची अदखलपात्र नोंद झाली होती. त्यानंतर भांडण मिटले होते. दोन्ही घरच्या बाया पुन्हा एकत्र बसून विड्या वळत होत्या. सणाच्या तोंडावर अचानक नोटीस आली. मजकूर छापील होता. ‘आपण भांडखोर व दहशत माजविणारे असून आपल्यापासून सार्वजनिक शांततेस धोका आहे.’ हाताने लिहिलेले होते फक्त त्याचे नाव, पत्ता आणि रुपयांचा आकडा. कोणत्या दिवशी, कुठे, काय घडले म्हणून हा धोका उत्पन्न झाला, ती जागा मोकळीच होती. पहिल्याच तारखेला त्याच्यापुढे बंधपत्राचा नमुना ठेवला गेला आणि पुढच्या तारखेला दोन जामीनदार आणायला सांगितले गेले. शेजाऱ्यालाही तशीच नोटीस होती. त्याने सही करून टाकली होती.

“साहेब, सगळेच सही करतात,” तो म्हणाला. “पुन्हा पुन्हा तारखेला गेलो तर पाळी बुडते. सही केली तर काय जातं?”

या प्रश्नातच सगळे आले. ज्याची मजुरी दिवसाच्या उत्पादनावर ठरते, त्याने हा प्रश्न विचारला तर त्यात गैर काय? सही फुकट असते. सही नाकारायची म्हणजे पाळी बुडवायची, वकील लावायचा, साहेबांचा रोष पत्करायचा. दहातले नऊ जण सही करतात ते कबुली म्हणून नव्हे, कटकट नको म्हणून.

पण सही केली तर काय जाते, ते नीट समजून घेतले पाहिजे. बंधपत्र लिहून देणे ही शिक्षा नाही आणि त्याने माणूस गुन्हेगारही ठरत नाही, हे खरे. पण मुदत एक वर्षापर्यंत असू शकते आणि त्या काळात शांतताभंग झाल्याचे सिद्ध झाले तर रक्कम जप्त होते, उरलेल्या मुदतीसाठी तुरुंगही दाखवला जाऊ शकतो. शिवाय कागद मागे राहतो. पुढच्या वर्षी नोटीस काढताना तोच आधार होतो. ‘यापूर्वीही प्रतिबंधक कारवाई झालेली आहे.’ चारित्र्य पडताळणीच्या वेळी तो डोके वर काढतो. तडीपारीच्या प्रस्तावात गुन्ह्यांच्या यादीखाली चॅप्टर केसेसची यादी जोडलेली मी पाहिली आहे. म्हणजे काहीही न केल्याची नोंद वर्षावर वर्षे साठत जाते आणि एके दिवशी तिचाच ‘पूर्वेतिहास’ बनतो.

आता कायदा काय म्हणतो ते पाहू. एखादा माणूस शांततेचा भंग करील, किंवा ज्यातून शांतताभंग होईल असे बेकायदा कृत्य करील, अशी माहिती कार्यकारी दंडाधिकाऱ्याला मिळाली आणि कारवाईस पुरेसे कारण आहे असे त्याचे मत झाले, तर तो त्या माणसाला कारण दाखवायला सांगू शकतो. त्यासाठी त्याने लेखी आदेश काढला पाहिजे. मिळालेल्या माहितीचा सारांश, बंधपत्राची रक्कम, मुदत आणि जामीनदार किती, हे सगळे त्यात हवे. जुन्या संहितेत हे १११ वे कलम होते, नवीनमध्ये १३० वे आहे. माणूस हजर झाला की आदेश त्याला वाचून दाखवायचा आणि मग माहितीच्या खरेपणाची चौकशी सुरू करायची. साक्षी घ्यायच्या, उलटतपासणी होऊ द्यायची. चौकशीअंती गरज सिद्ध झाली तरच बंधपत्र घ्यायचे, नाहीतर माणसाला मोकळे करायचे. चौकशी सहा महिन्यांत पुरी झाली नाही तर, दंडाधिकाऱ्याने खास कारणे लिहून मुदत वाढवली नसेल तर, कारवाई संपते. मागितलेली रक्कम माणसाच्या ऐपतीबाहेरची, अवाजवी नको, हेही कायद्यातच आहे. कागदावर पाहिले तर यात उणे काही नाही. उणे आहे ते टेबलावर. तिथे चौकशी गळते आणि सही उरते.

हा झगडा आजचा नाही आणि महाराष्ट्राला तर तो अजिबात नवा नाही. २३ जुलै १९१६ रोजी पुण्यात लोकमान्य टिळकांच्या वयाला साठ वर्षे पुरी झाल्याचा समारंभ चालू होता. लोकांनी त्यांना एक लाख रुपयांची थैली अर्पण केली. त्याच समारंभाच्या वेळी पोलीस अधिकारी नोटीस घेऊन आला. बेळगाव आणि अहमदनगर येथे त्यांनी केलेली होमरूलची भाषणे राजद्रोही आहेत, तेव्हा वर्षभराच्या चांगल्या वर्तणुकीबद्दल वीस हजार रुपयांचे बंधपत्र आणि प्रत्येकी दहा हजारांचे दोन जामीन का घेऊ नयेत, याचे कारण दाखवा. कलम १०७ नव्हे, त्याच्या शेजारचे १०८. पण प्रकरण हेच, आठवे. राजद्रोहाचा रीतसर खटला भरायचा तर गुन्हा सिद्ध करावा लागतो. इथे नुसते बांधून घेता येत होते. पुण्याच्या जिल्हा दंडाधिकाऱ्याने ऑगस्टमध्ये नोटिशीप्रमाणे आदेश दिला.

टिळकांना वीस हजार काही जड नव्हते. लाखाची थैली नुकतीच समोर ठेवली गेली होती. बंधपत्र देऊन प्रश्न मिटवता आला असता. त्यांनी मुंबई उच्च न्यायालयात आदेशाला आव्हान दिले. त्यांची बाजू बॅरिस्टर महंमद अली जीना यांनी मांडली. न्या. बॅचलर आणि न्या. शहा यांनी ९ नोव्हेंबर १९१६ रोजी दंडाधिकाऱ्याचा आदेश रद्द केला. भाषण सुट्या वाक्यांवरून नव्हे, संपूर्ण वाचून पारखायचे, अशी न्यायालयाची दृष्टी होती. आधी दोनदा राजद्रोहाची शिक्षा भोगलेल्या माणसाविरुद्ध सरकार हरले. मोठ्या खटल्यांच्या गर्दीत टिळकचरित्रातला हा लहान खटला मागे पडतो. मला वकील म्हणून तोच अधिक जवळचा वाटतो, कारण यात शिक्षा नव्हती, फक्त सही होती.

दुसरा माणूसही पुण्याचाच, मधू लिमये. गोवामुक्तीसाठी पोर्तुगिजांच्या तुरुंगात राहिलेले हे समाजवादी नेते बिहारमधल्या मुंगेरहून लोकसभेत निवडून गेले होते. ६ नोव्हेंबर १९६८ रोजी मुंगेरजवळच्या लखीसराय रेल्वे स्थानकावर त्यांना सहकाऱ्यांसह अटक झाली. अटकेची कारणे सांगितली नाहीत, असे त्यांनी सर्वोच्च न्यायालयाला पत्रानेच कळवले आणि न्यायालयाने ते पत्र अर्ज म्हणून घेतले. १८ डिसेंबरला त्यांची सुटका झाली. अटक झालेल्या माणसाला कारणे कळवणे ही घटनेच्या बाविसाव्या अनुच्छेदाची आज्ञा आहे, औपचारिकता नव्हे, हा त्या निकालाचा गाभा.

लिमये तेवढ्यावर थांबले नाहीत. मुंगेरच्या उपविभागीय दंडाधिकाऱ्याच्या कारवाईबाबत त्यांचे दुसरे प्रकरण सात न्यायमूर्तींसमोर गेले. सरन्यायाधीश हिदायतुल्ला यांच्या अध्यक्षतेखालील या पीठाने २८ ऑक्टोबर १९७० रोजी निकाल दिला. हे आठवे प्रकरणच घटनाबाह्य आहे, ही मागणी न्यायालयाने फेटाळली. समाजाला शांतता हवी आणि ती भंगण्याआधी पाऊल उचलण्याचा अधिकार हवा, हे मान्य केले. पण हा अधिकार टिकतो तो त्यातल्या पायऱ्यांमुळे, असेही स्पष्ट केले. माहितीचा सारांश माणसाला कळला पाहिजे, नाहीतर तो उत्तर कशाला देणार? आणि चौकशी सुरू होण्याआधी, माहितीत तथ्य आहे की नाही हे तपासण्याआधी, अंतरिम बंधपत्र मागता येणार नाही. नुसती पुढची तारीख देऊन ‘तोवर बंधपत्र द्या, नाहीतर कोठडीत जा’ म्हणणे कायद्यात बसत नाही. पुढे १९७३ ची संहिता आली तेव्हा अंतरिम बंधपत्राच्या तरतुदीत ‘चौकशीला प्रारंभ झाल्यानंतर आणि ती पुरी होण्याआधी’ असे शब्द आले. आज नव्या संहितेच्या १३५ व्या कलमातही ते आहेत. कारणे लेखी नोंदवावीत, ही अटही तिथेच आहे.

टिळकांना जीना होते आणि लिमये स्वतः खासदार होते. माग चालवणाऱ्याला कोण? खरा प्रश्न इथे आहे. पण त्यांनी मिळवलेला हक्क त्यांच्या नावावर राहिलेला नाही, तो सर्वांचा झाला आहे. मागितला तर मिळतो.

आम्ही तो मागितला. पुढच्या तारखेला मी वकीलपत्र आणि दोन ओळींचा अर्ज दिला. ज्या माहितीवरून नोटीस काढली तिचा सारांश द्यावा आणि साक्षीदार बोलावून चौकशी सुरू करावी. कारखान्याच्या हजेरीचा उताराही जोडला. अर्जावर काही हुकूम झाला नाही. हुकूम झाला तो अंतरिम बंधपत्राचा. कारणाच्या जागी ‘शांततेस धोका असल्याने’ एवढेच शब्द होते. चार दिवसांत जामीनदार न दिल्यास कोठडी, असे तोंडी बजावण्यात आले. त्या रात्री त्याच्या घरी चूल पेटली नसावी. दुसऱ्या दिवशी सकाळी बायकोने सांगितले, “त्यांना आत टाकलं तर पोरांना काय सांगू? सही करू द्या.” मी तिला म्हणालो, “वहिनी, दोन दिवस द्या. तोवर काही झाले नाही तर जामीनदार मी स्वतः शोधून देतो.”

आम्ही सत्र न्यायालयात फेरतपासणीचा अर्ज दाखल केला. सरकारी वकिलांनी नेहमीची हरकत घेतली की हा अंतरिम आदेश आहे, त्याविरुद्ध फेरतपासणी चालत नाही. योगायोग असा की या हरकतीवरचे उत्तरही मधू लिमये यांच्याच नावावर आहे. महाराष्ट्र राज्याविरुद्धच्या एका अगदी वेगळ्या प्रकरणात १९७७ साली सर्वोच्च न्यायालयाने म्हटले आहे की, अंतिम नसलेला प्रत्येक आदेश त्या अर्थाने अंतरिम नसतो. माणसाच्या हक्कांवर परिणाम करणारा मधला आदेश तपासता येतो आणि उच्च न्यायालयाचे अंगभूत अधिकारही या अटीने संपत नाहीत. माणसाला कोठडीच्या दारात उभा करणारा आदेश मामुली कसा म्हणायचा? न्यायाधीशांनी आधी स्थगिती दिली आणि काही आठवड्यांनी आदेश रद्द केला. चौकशी सुरू झालेली नाही, नोटिशीत माहितीचा सारांश नाही, कारणे नाहीत. निकाल दोन पानांचा होता. त्यात नवे काहीच नव्हते. १९७० सालीच सांगून झालेले होते.

पोलिसांची बाजूही पाहिली पाहिजे. ज्या शहराने १९३० साली मार्शल लॉ सोसला आणि चार हुतात्मे दिले, त्या शहराने दंगलीच्या रात्रीही पाहिल्या आहेत. हजारोंच्या मिरवणुकीत मूठभर शिपाई उभे असतात. एक दगड आला की पुढे काय होते ते त्यांनाच निस्तरावे लागते. एखाद्या गल्लीत खरोखरच धमक्या देणारा, शेजारणीला बाहेर पडू न देणारा दांडगा असतो. त्याला वर्षभर बांधून घेणारे हे कलम त्या बाईचा मोठा आधार आहे. दंडाधिकाऱ्याने दोन्ही घरांना बोलावून समज दिल्याने मिटलेली भांडणे मीही पाहिली आहेत. म्हणून हे कलमच नको, असे मी म्हणत नाही. पण खऱ्या दांडग्याविरुद्ध चौकशी करणे कठीण नसते, साक्षीला गल्ली असते. चौकशी टाळावी लागते ती आकडा भरायचा असतो तेव्हा.

आणखी एक गाठ आहे. ज्या शहराला पोलीस आयुक्तालय आहे तिथे हे दंडाधिकाऱ्याचे अधिकार पोलीस अधिकाऱ्यांकडेच देण्याची प्रथा आपल्या राज्यात जुनी आहे. सोलापूरही त्यातलेच. म्हणजे माहिती देणारे खाते आणि ती खरी की खोटी हे ठरवणारे खाते एकच. नव्या संहितेने विशेष कार्यकारी दंडाधिकारी नेमायच्या पोलीस अधिकाऱ्याचा दर्जा अधीक्षक किंवा त्या तोडीचा असावा, अशी अट घातली आहे. दर्जा वाढल्याने काळजी वाढेल अशी आशा करू. पण खाते तेच राहते, म्हणून चौकशीच्या पायऱ्यांचे मोल इथे दुप्पट आहे.

तेव्हा अशी नोटीस हातात आली तर घाबरू नये आणि फेकूनही देऊ नये. गैरहजर राहिलात तर वॉरंट निघू शकते. हजर व्हावे, आदेशाची प्रत मागावी. समन्सबरोबर ती देणे कायद्याने बंधनकारकच आहे. तीत घटना, तारीख, ठिकाण आहे का ते पाहावे. नसेल तर तसे लेखी द्यावे आणि पोच घ्यावी. दर वेळी पाळी बुडत असेल तर स्वतः हजर राहण्यापासून सूट देऊन वकिलामार्फत हजेरी मान्य करण्याचा अधिकार दंडाधिकाऱ्याला आहे, तो अर्ज करावा. आपले म्हणणे आणि आपले साक्षीदार द्यावेत. शांतता राखण्यासाठी जामीन देण्याचा अंतिम आदेश झाला तर तीस दिवसांत सत्र न्यायालयात अपील करता येते. वकील परवडत नसेल तर जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाकडे जावे. आणि प्रकरण उच्च न्यायालयापर्यंत गेलेच तर आता रात्रीची सिद्धेश्वर एक्स्प्रेस धरून मुंबई गाठायला नको. १८ ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापूरला मुंबई उच्च न्यायालयाचे सर्किट बेंच सुरू झाले असून सोलापूर जिल्हा त्याच्या कक्षेत आहे.

एवढे करून त्या कामगाराला मिळाले काय? नुकसानभरपाई नाही, कोणाची दिलगिरी नाही. बुडालेल्या पाळ्या बुडाल्याच. खरे म्हणजे तो आधी जिथे होता तिथेच परत आला. पण पुढच्या वर्षी सणाच्या तोंडावर गल्लीत नोटिसा आल्या तेव्हा त्याच्या नावाची नव्हती. सही करून मोकळ्या झालेल्या शेजाऱ्याला मात्र आली, आणि तिच्यात या वेळी कारणाची जागा मोकळी नव्हती. तिथे लिहिले होते, ‘मागील वर्षी बंधपत्र घेण्यात आलेले आहे.’ तो शेजारी ती नोटीस घेऊन आधी त्याच्याच दारात गेला आणि मग दोघे मिळून माझ्याकडे आले. सांडपाण्याचा विषय कोणी काढला नाही.